कान्हाचा बेंजो

मला कुठलंच वाद्य धड वाजवता येत नाही. तरी गेल्या काही वर्षांत तुम्ही जी नवी गाणी ऐकली असतील, त्यांतल्या एखाद्यात माझ्या टेबलावरून गेलेला सूर असण्याची बरीच शक्यता आहे. माझं काम आवाज उचलून ठेवायचं. जुन्या जपानी कीबोर्डांचे आवाज. चाळीसेक वर्षांपूर्वीची ही यंत्रं आता मरायला टेकली आहेत. त्यांच्या पट्ट्या झिजल्यात, पडद्यावरची अक्षरं पुसट झालीत. ती पुरती जायच्या आत त्यांच्यातला एकेक आवाज संगणकात घ्यायचा, नीट कापायचा आणि जगात कुठंतरी बसून गाणं करणाऱ्या माणसाला वापरता येईल असा करून द्यायचा. याला आमच्यात सॅम्पलिंग म्हणतात. वाण्याकडे तांदळाची मूठ तळहातावर घेऊन बघतो ना, तो नमुना. तसाच हा आवाजाचा.

माझी खोली बेलापूरजवळ शिरवण्यात आहे, एका फॅब्रिकेशनच्या दुकानाच्या वर. खाली दिवसभर ग्राइंडर चालतो. नवीन आलेला माणूस विचारतो, या गोंगाटात रेकॉर्डिंग कसं करता? पण या यंत्रांचा आवाज हवेतून घ्यायचाच नसतो. तो वायरीतून येतो. खाली लोखंड कापलं जात असतं आणि माझ्या कानावरच्या हेडफोनमध्ये संपूर्ण शांतता असते. त्या शांततेत मी एक पट्टी दाबतो. आधी हळू, मग मध्यम, मग जोरात. प्रत्येक वेळी सूर पूर्ण विरेपर्यंत पट्टी धरून ठेवायची. मग शेजारची पट्टी. बायको म्हणते, ‘‘तुमचं काम म्हणजे पगारी वाट बघणं.’’ खरं आहे.

पण त्या वाट बघण्यात मी जे ऐकलंय, त्यानं अजूनही अंगावर काटा येतो. या यंत्रांत तार नाही, कातडं नाही, फुंकर नाही. आत नुसते आकडे. एक लहर दुसऱ्या लहरीला हलवते, ती तिसरीला, आणि त्या हलवाहलवीतून घंटा निघते, बासरी निघते, कधीच कुठल्या लाकडातून निघाला नसेल असाही आवाज निघतो. आणि सूर विरताना जे होतं ते तर ऐकण्यासारखं. तो तेलासारखा ओघळत नाही. तो पायऱ्या उतरतो. अगदी शेवटी, संपता संपता, बारीक खसखस होते, कुणी कोरड्या पानांवरून दबक्या पावलांनी निघून गेल्यासारखी. ही खसखस म्हणजे त्या काळच्या यंत्रांची मर्यादा. ज्यांनी ती बनवली त्यांना तिची लाज वाटत असणार. आज लोक आमच्याकडे नेमकी तीच मागतात.

अंधेरीहून एका संगीतकाराचा मदतनीस आला होता. म्हणाला, ‘‘सर, डिजिटल नको. फार थंड वाटतं. आपल्याला व्हिंटेज पाहिजे. वॉर्म.’’ मी त्याला एक घंटेचा टोन ऐकवला. तो डोळे मिटून डोलला. ‘‘हे बघा! हे अॅनालॉग ना?’’ यंत्र पुरतं डिजिटल होतं. ते बाजारात आलं तेव्हा, थंडगार म्हणून वादकांनी त्याला शिव्या घातल्या होत्या. मी हो म्हटलं नाही. नाहीही म्हटलं नाही. तो खूश होऊन गेला.

हा माझा स्वभाव आहे. मी खोटं फार कमी बोलतो, पण गप्प राहून बरंच काही होऊ देतो.

सीबीडी बेलापूरच्या सरकारी कचेरीतून निवृत्त झालेले एक क्लार्क त्यांच्या भजनी मंडळाचा छोटा कीबोर्ड घेऊन आले होते. त्याची एक पट्टी दाबली की सुराबरोबर कर्रर्र असा आवाज यायचा. मी म्हटलं, सॅम्पल करताना हा दोष काढून टाकतो. ते घाईघाईनं म्हणाले, ‘‘नको नको. तो राहू द्या. तिथं कर्र नाही झालं की आमच्या बायका गोंधळतात, अंतरा धरत नाहीत.’’ तो बिघाड मी जपून उचलला आणि त्यांच्या टॅबमध्ये बसवून दिला. जाताना ते पट्टीवर बोट ठेवून कर्र करून बघत होते.

या अंकाच्या संपादकांनी अशाच गमती लिहायला सांगितलं होतं. भरपूर आहेत. पण लिहायला बसलो की त्या सगळ्यांच्या मागे एकच माणूस येऊन उभा राहतो. तेव्हा त्याचंच लिहितो.

आमच्या धंद्यातली जुनी यंत्रं मला तळोज्याचे इक्बालभाई आणून देतात. त्यांच्या घराण्यातले निम्मे पुरुष जहाजावर किंवा आखातात होते. त्या काळी येताना कुणी सोनं आणलं, कुणी टेपरेकॉर्डर, कुणी कीबोर्ड. सोनं मोडलं गेलं, कीबोर्ड माळ्यावर राहिले. इक्बालभाई ते शोधून काढतात, दुरुस्त करतात, विकतात. चार-पाच वर्षांपूर्वी एका दुपारी ते एका उंच, वाकलेल्या म्हाताऱ्याला घेऊन आले. म्हाताऱ्याच्या खांद्यावर जुन्या साडीच्या खोळीत गुंडाळलेलं धूड होतं.

‘‘हे हिरामास्तर. इथलेच, शिरवण्याचे,’’ इक्बालभाई म्हणाले. ‘‘हळदीचे राजे. ह्या मशिनीत ह्यांचा एक टोन आहे, जगात दुसरा नाही. मी बोललो, मास्तर, मशीन आज आहे उद्या नाही. टोन कम्प्युटरात ठेवून घ्या. म्हणून आणलंय तुझ्याकडं.’’ एवढं बोलून ते कामाला निघून गेले.

हळदीचे राजे म्हणजे काय ते बाहेरच्यांना सांगायला हवं. आगरी-कोळ्यांच्या लग्नाआधीची हळद म्हणजे सगळं गाव नाचतं. आता डीजे असतो. पूर्वी बेंजो पार्टी असायची. बेंजो म्हणजे बुलबुलतरंग. तारांवर टाइपरायटरसारखी बटणं, उजव्या हातात तार छेडायची नखी. मास्तरांचा मोठा भाऊ कान्हा बेंजोवाला होता आणि मास्तर कीबोर्डवर त्याला साथ करायचे. पनवेलपासून उरणपर्यंत दोघांना बोलावणं असे.

‘‘कान्हा गेला तवा त्याची पोरगी रांगत व्हती,’’ मास्तर म्हणाले. ‘‘पार्टी बसली. बेंजो कोन वाजवल? मना कीबोरडाबिगर काय येत नाय. मग त्या पावसाल्यान घरान बसून यो बनवला.’’

आगरी बोलीत नवरा सोडला तर अहो-जाहो फारसं नाही. मास्तर मला पहिल्या वाक्यापासून तू म्हणाले आणि ‘इंजिनेर’ म्हणाले, जो मी नाही.

त्यांनी यंत्र चालू केलं. पुसट पडद्यावर इंग्रजी अक्षरांत टोनचं नाव उमटलं, ‘कान्हा बेंजो’. यंत्रात नावाला जागा कमी, त्यामुळे शेवटचं अक्षर मावलं नव्हतं. शंभरावर आकडे असतात एका टोनमागे, प्रत्येक कमीजास्त करता येतो. ते काय करतात हे मास्तरांना कुणी शिकवलेलं नव्हतं. एक आकडा फिरवायचा, ऐकायचं, कानात भाऊ होता त्याच्याशी ताडून बघायचं. पावसाळाभर तेच.

‘‘जमला हे कसं कळलं?’’ मी विचारलं.

‘‘वयनीनं सांगितला. ती चुलीवर भाकऱ्या थापत व्हती. मी बाहेरच्या खोलीन. ती तितूनच बोल्ली, अवो, हलू वाजवा, पोर निजलंय.’’ मास्तरांनी माझ्याकडे बघितलं. ‘‘मना कवा अवो बोलल ती? मी दीर. ती मना हिराभावजी बोलते.’’

त्यांच्या भावजयीच्या हे नंतर लक्षात आलं, आणि ती भाकरीचं पीठ हाताला तसंच घेऊन बाहेर येऊन उभी राहिली. दोघंही त्यावर कधी बोलले नाहीत. पण तेव्हापासून गावातल्या प्रत्येक हळदीत ती मांडवाच्या एका खांबाला टेकून बसायची, मास्तर तो टोन लावेपर्यंत. तो ऐकून झाला की उठून घरी जायची. मास्तरांचं म्हणणं एवढंच होतं की कान्हाची पोर, हर्षदा, तिच्या हळदीपर्यंत हा टोन टिकला पाहिजे. बाप मांडवात हवा.

मी वायर जोडली, रेकॉर्डिंग चालू केलं आणि म्हटलं, ‘‘मास्तर, जरा वाजवा. आवाज किती येतोय बघतो.’’

त्यांनी धवला वाजवला. आगऱ्यांच्या लग्नात भटजीइतकाच मान धवलारणीचा. लग्नाची पिढ्यान्‌पिढ्यांची गाणी म्हणणारी ती बाई. धवला संथ असतो, शेजारशेजारच्या पाच सुरांत फिरतो, त्याबाहेर जात नाही. मास्तर एकेक सूर पूर्ण विरेपर्यंत धरत होते.

मी आजवर शेकडो टोन ऐकले असतील. यंत्र वाद्याची नक्कल करतं, हे मला रोजचं. पण हे वाद्य नव्हतं, माणूस होता. सुराच्या सुरुवातीला नखी तारेवर अडखळल्यासारखा बारीक खटका होता, आणि तो खालच्या सुराला वेगळा, वरच्याला वेगळा. कान्हाचा हात खालच्या तारेवर जड पडत असणार. एक माणूस जाऊन इतकी वर्षं झाली आणि त्याच्या मनगटाचं वजन आकड्यांत शिल्लक होतं. खाली ग्राइंडर चालू होता आणि मला वाटत होतं, या खोलीत आम्ही तिघे आहोत.

‘‘छान येतंय,’’ मी म्हटलं. एवढंच. ‘‘तुम्ही खाली चहा घेऊन या, तोवर मी टोनचे आकडे कम्प्युटरवर उतरवून घेतो. मग सावकाश पट्टी-पट्टी रेकॉर्ड करू.’’

आता चूक सांगतो. ती आमच्या धंद्यातलाच माणूस करू शकतो.

या यंत्रातले टोन वायरीतून संगणकात घेता येतात, तसेच संगणकातून यंत्रात भरताही येतात. भरले की आतले जुने टोन पुसले जातात, विचारत नाही. म्हणून यंत्राला कुलूप असतं, आणि दर वेळी चालू केलं की ते आपोआप लागतं. त्या सकाळी मी तसल्याच दुसऱ्या यंत्रात कंपनीचे मूळ टोन भरून दिले होते. फाइल समोर उघडीच होती. मास्तरांचं यंत्र हाताशी आल्यावर मी सवयीनं आधी कुलूप काढलं. वायर नीट बोलते का हे बघायला काहीतरी पाठवून बघायचं, ही दुसरी सवय. मी समोरची तीच फाइल पाठवली.

पडदा एकदा लुकलुकला. ‘कान्हा बेंजो’च्या जागी ‘ब्रास’ असं, कंपनीच्या पिपाण्यांच्या टोनचं, नाव आलं.

मी यंत्र बंद करून परत चालू केलं. ब्रास. सगळे टोन चाळले. एकूण एक कंपनीचे. इतकी वर्षं मी लोकांना बजावत आलो होतो, आधी घ्या, मग द्या. जिन्यावर मास्तरांची पावलं वाजली. ते माझ्यासाठी प्लॅस्टिकच्या पिशवीतून चहा घेऊन आले होते.

‘‘मास्तर,’’ मी म्हटलं, ‘‘आतली बॅटरी गेली. टोन तिच्यावरच जगतात, उडाले.’’

‘‘आता तर वाजत व्हता.’’

‘‘जुनं मशीन. असंच होतं, अचानक.’’

त्यांनी एक पट्टी दाबली. भलताच, फुगलेला, पिपाणीसारखा आवाज आला. त्यांनी बोट उचललं.

‘‘गेला?’’

‘‘गेला.’’

‘‘पुना नाय येनार.’’ हा प्रश्न नव्हता. ‘‘तवा कानान व्हता माज्या. आता कानानशी पन गेलाय.’’ मग माझ्याकडे बघून म्हणाले, ‘‘तू कनाला तोंड पाडतंस? तुजी काय चूक? म्हातारा झालता तो.’’

त्यांनी यंत्र परत साडीच्या खोळीत घातलं. चहा माझ्या टेबलावर राहिला.

लग्नाच्या कॅसेटी असतीलच कुणाकडे, असं मला वाटलं होतं. मी चौकशी केली. पण आपल्याकडचे व्हिडिओवाले मांडवातला आवाज काढून वर सिनेमाची गाणी टाकतात. लोक नाचताना दिसतात, मास्तरांची बोटं हलताना दिसतात, आणि ऐकू येतं भलतंच.

राहिलं होतं ते माझ्याच संगणकात. चालू ठेवलेलं रेकॉर्डिंग. धवल्याचे पाच सूर, एकापुढे एक, पूर्ण विरेपर्यंत धरलेले. ते मला त्याच संध्याकाळी सापडले. तेव्हाच जिना उतरून गेलो असतो तर मास्तरांचं घर चालत पाच मिनिटांवर होतं. मी गेलो नाही. आधी पूर्ण करू, मग नेऊन देऊ, असं स्वतःला सांगितलं.

पूर्ण करणं म्हणजे ताणणं. ज्या पट्टीचा आवाज घेतलेला नाही, तिथं शेजारच्या पट्टीचा वेगानं किंवा हळू फिरवून बसवतात. टेप जोरात फिरवली की माणूस चिरका बोलतो, तसंच. दोन-तीन पट्ट्यांपर्यंत खपतं. पाच सूर अख्ख्या कीबोर्डावर ताणले की वरचा टोन चिमणीसारखा होतो आणि खालचा भोंग्यासारखा. मी पुष्कळ घासूनपुसून ते सारखं केलं. ऐकायला सुंदर झालं. पण नखीचा खटका सगळीकडे एकसारखा, मनगट सगळीकडे एकाच वजनाचं. कान्हा पाच पट्ट्यांवर होता. बाकी मी होतो.

तसं घेऊन मास्तरांसमोर जायची हिंमत झाली नाही. पुढे विकायच्या एका संग्रहात एक टोन कमी पडत होता, तिथं मी तो टाकला. नाव दिलं ‘बेलापूर बेल’. बेंजो म्हणालो नाही.

संग्रहातले बाकीचे टोन पडून राहिले, हा एकच चालला. आधी कुठल्यातरी साबणाच्या जाहिरातीत ऐकला. मग दाक्षिणात्य गाण्यात. मग परदेशी कुणा पोराच्या उदासशा गाण्यात, ज्याला बेलापूर हे माणसाचं नाव वाटत असेल. कामोठ्यात माझ्या घराच्या खिडकीखालून गणपती जात होता, त्या डीजेतही तोच. मी ग्लास हातात घेऊन उभा राहिलो. लाज वाटत होती हे खरं. पण त्याहून मोठं काहीतरी वाटत होतं, ते लपवण्यात अर्थ नाही. शिरवण्याच्या एका घरात, चुलीजवळच्या बाईसाठी झालेला सूर. तो समुद्रापलीकडे जाऊन, त्याचा थांगपत्ता नसलेल्या माणसांच्या गाण्यांत शिरून, परत माझ्या खिडकीखाली आला होता आणि पोरं त्यावर नाचत होती. कान्हाला असा दौरा कुणी दिला असता?

इक्बालभाईंनी मला धरलं, पण त्यांच्या पद्धतीनं. एक यंत्र उतरवता उतरवता म्हणाले, ‘‘हिरामास्तरच्या मशिनीची बॅटरी गेली बोलला होतास ना तू?’’

‘‘हो.’’

‘‘ती मी टाकली होती. तुझ्याकडं आणलं त्याच वर्षी. जुनी काढायच्या आधी बाजूनं दुसरी जोडून, टोन उडू नये म्हणून. दहा वर्षं मरणार नाही अशी.’’ त्यांनी रुमालानं मान पुसली. ‘‘मी त्यांना काय बोललो नाही. बोलणार पण नाही. माझं काय जातं? तुझं तू बघ.’’

मी बघितलं नाही. आणखी एक वर्ष गेलं. मग मास्तर स्वतःच आले.

या वेळी खांद्यावर काही नव्हतं. जिना चढून दम लागला होता, पण डोळे असे चमकत होते की मला वाटलं, काही लॉटरी लागली की काय.

‘‘इंजिनेर, बस. तुना येक गोष्ट सांगाची हाय. तुजाशिवाय कोनाला कलनार नाय.’’ ते स्टुलावर बसले. ‘‘परवा हलदीला गेलतो, कामोठ्याला. डीजे वाजत व्हता. मी जेवत व्हतो. आन कान्हा वाजला.’’

मी हेडफोन काढून टेबलावर ठेवला.

‘‘तसाच्या तसा नाय. पुरा नाय. पन मधी मधी येकदम तोच. माजा हात तसाच रायला पानावर. डीजेवाल्या पोराला इचारला, यो काय? तो बोल्ला, काका, नेटवरना घेतलाय, फॉरेनचा असल.’’ मास्तर पुढे झुकले. ‘‘म्हंजे बग. कुटंतरी लांब कोनतरी मानूस हाय. त्यानं पन आकडं फिरवलं असतील, माज्यासारखं. फिरवता फिरवता तो पन तितंच पोचला. असा कसा झाला असल, सांग.’’

‘‘कसं?’’ मी विचारलं.

‘‘त्याचा पन भाऊ मेला असल.’’

खाली ग्राइंडर बंद होता. जेवणाची सुट्टी झाली असावी. मास्तर हे दुःखानं बोलत नव्हते. त्यांना नवल वाटत होतं, देवळात गाभाऱ्याचा पडदा सरकल्यावर वाटतं तसं. जगात दुसरा हिरामास्तर आहे. त्याला तू शोधून दे, नेटवर सापडेल, मला फक्त त्याला रामराम घालायचा आहे, असं ते म्हणत होते.

आयुष्यभर मी ज्या गप्प राहण्यावर निभावून नेलं, ते त्या दिवशी मला जमलं नाही. एरवी हे सगळ्यात सोपं होतं: सापडत नाही म्हणायचं.

‘‘मास्तर, दुसरा कोणी नाही,’’ मी म्हटलं. ‘‘तो तुमचाच टोन आहे. मी विकला.’’

मग सगळं सांगितलं. कुलूप, फाइल, ब्रास, बॅटरी गेली नव्हती हे, पाच सूर, बेलापूर बेल. सांगताना मी टेबलावरच्या वायरींकडे बघत होतो. मान वर केली तेव्हा त्यांच्या चेहऱ्यावर राग शोधला. तो असता तर मला बरं वाटलं असतं. त्यांच्या डोळ्यांतली ती चमक तेवढी विझली होती.

‘‘म्हंजे दुसरा कोन नाय,’’ ते म्हणाले.

‘‘नाही.’’

‘‘मी येकलाच.’’

त्यांनी कीबोर्डकडे हात केला. ‘‘लाव.’’

मी लावला. ते डाव्या टोकापासून एकेक पट्टी दाबत आले. मी आधी सांगितलं नव्हतं कुठल्या खऱ्या. ‘‘यो कोन? यो नाय. यो पन नाय.’’ मधल्या पट्टीवर बोट थांबलं. तिथून पाच पट्ट्या ते पुढेमागे फिरले, सहाव्यावर गेले आणि चटका बसल्यासारखे परत आले. मग त्या पाचांतच राहिले.

‘‘मास्तर, हा संग्रहातून काढून टाकू का?’’

‘‘काडून काय करशील? लोकांच्या गान्यान गेलेला परत कसा आनशील?’’ ते उठले. ‘‘वैशाखान हर्षदाची हलद हाय. यो घेऊन ये. आन वयनीला काय सांगू नको. ती खांबाला टेकून बसंल, तिला बसू दे.’’

दारात वळून म्हणाले, ‘‘चाय ठेवून गेलतो तवा. पिला व्हतास का?’’

‘‘नाही.’’

‘‘बरा केलास.’’

माफ केलं असं ते म्हणाले नाहीत. आजतागायत म्हणालेले नाहीत. मीही विचारलेलं नाही.

हळदीला मी लॅपटॉप आणि छोटा कीबोर्ड घेऊन गेलो. मांडवात धवलारीण बसली होती, पानसुपारीनं तोंड लाल. मास्तर पुतणीला हळद लावून तसेच, हात न धुता, माझ्याजवळ येऊन बसले. धवलारणीनं गाणं उचललं आणि मास्तरांनी तिच्यामागे बोटं ठेवली. पाच सूर पुरले. तो धवलाच मुळी पाच सुरांचा. त्यांना कुठं जायचंच नव्हतं. मांडवाच्या खांबाला टेकून एक बारीक, पांढऱ्या केसांची बाई बसली होती. तिनं बघितलं नाही, नुसते डोळे मिटले. नवरीनं काकाकडे बघितलं आणि मग आईकडे. गाणं संपलं तेव्हा माझ्या कीबोर्डच्या पाच पट्ट्या पिवळ्या झाल्या होत्या. मी त्या पुसलेल्या नाहीत. आता हळदीचा रंग उडून फिकट डाग राहिलेत, पण कुठल्या पाच ते अजून कळतं.

मला वाटलं होतं, टोन ऐकून झाला की वहिनी उठून घरी जातील, मास्तरांनी सांगितलं होतं तशा. त्या दिवशी गेल्या नाहीत. मुलीची हळद होती. थोड्या वेळानं डीजे सुरू झाला. भिंतीएवढे बॉक्स, पोटात हादरणारा ठेका, आणि त्यावर, अपेक्षेप्रमाणे, बेलापूर बेल. इथून तिथून सगळ्या पट्ट्यांवर धावणारी, माझ्या ताणलेल्या सुरांसकट. सगळं गाव नाचत होतं. मास्तर माझ्याकडे न बघता म्हणाले, ‘‘वयनीकडं बग.’’

त्या शेजारणीशी बोलत होत्या. धून वर गेली, खाली आली, त्या बोलत राहिल्या. धून त्या पाच सुरांवर आली आणि त्यांची मान वळली, कुणी नावानं हाक मारावी तशी. धून पुढे गेली. त्या परत बोलायला लागल्या. पुन्हा तेच सूर आले; पुन्हा मान वळली. त्या गोंगाटात, प्रत्येक वेळी, फक्त तिथंच. त्यांना ते कळतही नव्हतं.

गाणं संपेपर्यंत आम्ही दोघं बघत राहिलो.